माणशी अकरा हजार चारशे

"हे वाक्य मी बोलणार नाही," बावडेकर सर म्हणाले आणि कागद त्यांनी माझ्या मांडीवर परत ठेवला.

त्यांच्या टकलावर पावडर थापायला निघालेल्या मेकअपवाल्या बाईंचा हात तसाच हवेत राहिला. पावणेसात झाले होते. सात वाजता आम्ही थेट पडद्यावर दिसणार होतो, आणि सर ऐनवेळी हटून बसले होते.

"तुम्ही नका बोलू. मी बोलते," मी म्हटलं.

"तू बोललीस म्हणून ते बरोबर होत नाही, वैजयंती."

"त्यात चूक काय आहे? आकडा तुम्हीच दिलात."

"देशाच्या कर्जाचा आकडा मी दिला. त्याला लोकसंख्येनं भागायचं तू ठरवलंस."

चोवीस वर्षं झाली या गोष्टीला. फेब्रुवारीची अठ्ठावीस तारीख होती, बजेटचा दिवस. कोल्हापुरातल्या एका केबल वाहिनीवर मी तेव्हा 'सोपं करून सांगते' नावाचा कार्यक्रम करत असे. विम्याची पॉलिसी, भूकंप, सातबारा, रक्तातली साखर, काहीही असो, मी ते पंचवीस मिनिटांत भाजी निवडत बसलेल्या बाईच्या गळी उतरवून दाखवायची. एकतीस वर्षांची होते आणि भारी मिजास होती मला. मला समजावून सांगता येणार नाही अशी गोष्ट अजून जन्माला यायची आहे, असं मी चारचौघांत बोलूनसुद्धा दाखवायची.

बावडेकर सरांनी मला कॉलेजात अर्थशास्त्र शिकवलं होतं. निवृत्त झाल्यावर ते घरी पुस्तकं चाळत बसले होते. मी त्यांना कर आणि सरकारी कर्ज समजावून सांगायला वाहिनीवर ओढून आणलं होतं. त्यांच्या कोटाला डांबरगोळ्यांचा वास येत होता.

ते वाक्य असं होतं: "आज आपल्या देशात जन्मलेलं मूलसुद्धा डोक्यावर अकरा हजार चारशे रुपयांचं कर्ज घेऊनच जन्माला आलंय."

"हे बघ," सर म्हणाले, "सरकार कर्ज घेतं ते बरंचसं आपल्याच लोकांकडून. तू पोस्टात पैसे ठेवतेस, बँकेत ठेवतेस, विम्याचे हप्ते भरतेस, ते फिरून तिकडेच जातात. म्हणजे देणेकरी आपण आणि घेणेकरीही आपणच. शिवाय सरकार म्हणजे काही म्हातारा होऊन मरणारा माणूस नाही. त्याचं कर्ज असं माणशी वाटून देता येत नाही कुणाच्या डोक्यावर."

"सर, एवढं सांगेपर्यंत लोक कुकर उतरवायला उठतील."

"उठू देत. परत येऊन बसतील."

"नाही बसत. शेजारच्या वाहिनीवर सिनेमा आहे."

ते हसले नाहीत. चष्मा पुसत एवढंच म्हणाले, "सोपं करणं निराळं आणि खोटं करणं निराळं, पोरी." मला राग आला. सरांना टीव्हीतलं काय कळतंय, असं मी मनात म्हटलं.

कार्यक्रम मात्र झकास झाला. सर बोलायला लागल्यावर मीच विसरले की कॅमेरा चालू आहे. त्यांनी खिशातून काडेपेटी काढून टेबलावर ठेवली आणि म्हणाले, ही विकत घेणारा भिकारीसुद्धा कर भरतो, फक्त त्याला कुणी धन्यवाद देत नाही. कॅमेरामन गालातल्या गालात हसला. मग शेवटचं दीड मिनिट माझं होतं. मी कॅमेऱ्यात बघितलं, आवाज जरा खाली आणला आणि ते वाक्य बोलले. सर टेबलावरच्या काडेपेटीकडे बघत होते.

फोन जो सुरू झाला तो थांबेना. वाहिनीच्या मालकांनी स्वतः वर येऊन माझ्या हातात पेढ्यांचा पुडा दिला. दुसऱ्या दिवशी मंडईत कोथिंबीरवाली म्हणाली, "काय ओ वैजूताई, माज्याबी डोस्क्यावर अकरा हजार का? मग ही पेंडी धाला पडंल तुमास्नी." रिक्षावाले, शाळेतले मास्तर, जो तो तेच वाक्य फिरवून फिरवून बोलत होता. मी आठवडाभर हवेतच होते.

मार्चच्या शेवटी आम्ही बजेटवर आलेल्या पत्रांना उत्तरं द्यायचा भाग ठरवला. सर पुन्हा आले. आमचं ऑफिस एका कापडदुकानाच्या वरच्या मजल्यावर होतं. दुपारी दोन-अडीचची वेळ असेल. मी आणि सर टेबलावर पत्रं पसरून बसलो होतो, तेवढ्यात आमचा शिपाई दारात आला. त्याला हसू आवरत नव्हतं.

"ताई, खाली एक मानूस आलाय. कर्ज भरायचंय म्हनतोय."

"कुणाचं कर्ज?"

"सरकारचं! तुमी सांगितलेलं. पैसंबी घिऊन आलाय."

मीही हसले. पत्रांपेक्षा हा किस्सा भारी होईल, असं माझ्या डोक्यात आलं. कॅमेरामनला हाक मारून ठेवावी, असंसुद्धा आलं. ते मी अजून कुणाला सांगितलेलं नाही.

"पाठव त्याला वर," मी म्हटलं.

पस्तिशीचा माणूस होता. खाकी शर्ट, खिशावर महापालिकेचा बिल्ला. चपला त्यानं दाराबाहेर काढल्या आणि आत येऊन नमस्कार करून उभा राहिला. बसा म्हटल्यावर खुर्चीच्या कडेवर टेकला.

"मी सर्जेराव पोवार. जकात नाक्यावर आसतो. बांबू वर-खाली करायचं काम."

"बरं. काय काम काढलंत?"

"ताई, अठ्ठावीस तारखेला तुमी टीव्हीवर सांगितलासा न्हवं..." असं म्हणून त्यानं माझं ते वाक्य पहिल्यापासून शेवटपर्यंत बोलून दाखवलं. एक शब्द इकडचा तिकडे नाही. मी खाली आणलेला आवाजसुद्धा त्यानं तसाच खाली आणला. मला आत कुठेतरी बरं वाटलं. सरांनी हातातलं पत्र खाली ठेवलं.

"हो, सांगितलं होतं," मी म्हटलं.

"त्येचं भरायला आलोय."

"कुणाचं?"

"पोराचं. त्याच दिवशी झालेलं. दुपारी अडीचला."

"अरे वा! अभिनंदन!" मी म्हटलं. "मग पेढे कुठं आहेत?"

तो सवयीनं हसला. हसू तसंच तोंडावर ठेवून म्हणाला, "गेलं ते. अकराव्या दिवशी."

खाली रस्त्यावर कुणीतरी रिक्षा सुरू करायची खटपट करत होतं. मग त्यानं खिशातून एक खाकी पाकीट काढलं आणि माझ्यासमोर टेबलावर सरकवलं.

"नाक्याच्या पतपेढीतनं काडल्यात. मोजून घ्या. अकरा हजार चारशे बरुबर हाईत."

सरांनी खुर्ची त्याच्याजवळ ओढली.

"पोवार, तुम्ही का भरायचं हे?" त्यांनी हळूच विचारलं.

"मग कुणी भरायचं, सर?" तो खरोखरच चकित झाला होता. "मानूस देणं ठिवून गेला की मागच्यांनी फेडायचं. माजा बा गेला तवा दुकानदाराचं एकशेचाळीस रुपय ऱ्हायलेलं. तेराव्याच्या आत दिलं. नायतर त्येचा पाय निघंल का हितनं?" जरा थांबून तो पुढे म्हणाला, "ह्येचं तर दहावं न्हाई, तेरावं न्हाई. एवढ्याशा लेकराचं काय करत न्हाईत म्हणाले. खड्डा काडला, ठेवलं, आलो. घरी आल्यावर हात धुतल्यालं आटवतंय. त्येच्याम्होरं काय करायचं, ते कुणी सांगितलंच न्हाई. करायलाच काय न्हवतं. तवा तुमचं ते बोलणं आटवलं. म्हटलं, निदान कर्ज तरी फेडू."

"लगेच फेडायलाच हवं असं..." मी सुरुवात केली.

"ताई, तुमाला नाक्यावरचं म्हाईत न्हाई," तो मध्येच म्हणाला. आता तो भराभर बोलायला लागला. "पैसं भरल्याली पावती दावल्याबिगर बांबू वर करायचा न्हाई, आसा सायबांचा हुकूम हाय. डायवर हातापाया पडत्यात. टमाटं नासाय लागल्यात म्हनत्यात. तरी न्हाई. येकेक टेम्पो दोन दोन दिस तितंच उभा. मी सोता अडवलेत. सोळा वर्सं अडवतोय मी लोकांस्नी. आता ह्यो जर कुटं तसा अडकून पडला आसंल तर? एवढासा हाय ओ. हातापाया पडायचं त्येला कळत न्हाई. बोलताबी येत न्हाई."

त्यानं दोन्ही हात पुढे धरून केवढासा ते दाखवलं. मग ते हात खाली घ्यायचं त्याला बराच वेळ सुचलं नाही.

चार आठवडे जे वाक्य मी मिरवत होते, त्याच्याखाली हा माणूस दबून गेला होता. मला एकच दिसत होतं, की हे ओझं मी टाकलंय आणि ते मीच उचलायला हवं. आत्ताच्या आत्ता.

सर उठले. माझ्या कोपराला धरून मला खिडकीपाशी घेऊन गेले.

"पावती दे त्याला," ते कुजबुजले.

"कसली पावती?"

"वाहिनीच्या कागदावर लिही. भरणा झाला, बाकी काही नाही. पैसे घेऊ नकोस, एक रुपया घे. शिक्का मार. जाऊ दे त्याला घरी."

"सर, हे तुम्ही सांगताय? एक वाक्य बोलायला तयार नव्हता तुम्ही!"

"ते हजारो लोकांसाठी होतं. हा एक आहे."

"आणि उद्या ही पावती घेऊन तो नाक्यावर दाखवत फिरला तर? सगळे हसतील त्याला. पुन्हा खोटं नाही सांगणार मी. आधीच तेवढं एक सांगून बसलेय."

"वैजयंती," सर म्हणाले, "त्याला समजून घ्यायचं नाहीये."

मी ऐकलं नाही. मला वाटलं सर म्हातारे झालेत, हळवे झालेत. मी परत येऊन पोवारांच्या समोर बसले. कॅमेऱ्यासमोर बसते तशीच, जरा पुढे झुकून.

"पोवार, मी तुम्हाला एक विचारू? नाक्यावर दिवसाला किती पैसे जमतात?"

"आसंल की. लाखाच्या वर."

"त्यातले तुमचे किती?"

"माजं कुटलं? म्हापालिकेचं."

"पण तुम्हीही कोल्हापुरातच राहता. महापालिका म्हणजे गावातली सगळी माणसं. मग एक भागिले पाच लाख एवढे पैसे तुमचे झाले की नाही?"

तो विचारात पडला. "न्हाई," तो म्हणाला. "तसं घरी न्हेता येत न्हाई. चोरी हुईल ती."

"बरोबर. म्हणजे महापालिकेचा पैसा सगळ्या गावाचा असला, तरी एकेकट्या माणसाचा नसतो."

"न्हाई."

"कर्जाचंही तसंच आहे बघा. सरकारचं कर्ज सरकारचं. सगळ्यांचं मिळून आहे, पण एकट्या माणसाच्या नावावर ते कुठंच लिहिलेलं नसतं. माझ्या नाही, तुमच्या नाही, सरांच्या नाही. कुणी मेलं म्हणून ते मागायला कुणी येत नाही आणि त्याच्यासाठी कुणाला कुठं अडवत नाहीत. तिथं नाकाच नाही, पोवार. बांबूच नाही."

असं सोपं मी आयुष्यात कधी सांगितलं नव्हतं. एकेक शब्द नेमका पडत होता. त्याच्या कपाळावरच्या आठ्या हळूहळू उलगडताना मला दिसत होत्या, आणि मला आनंद झाला होता. होय, आनंदच. सर खिडकीपाशी आमच्याकडे पाठ करून उभे होते.

"म्हंजे त्यो अडकल्याला न्हाई," पोवार म्हणाले.

"मुळीच नाही."

"त्येच्या डोस्क्यावर कायबी न्हवतं."

"काही नव्हतं. एक पैसासुद्धा नाही."

"मग तुमी 'मूलसुद्धा' आसं का म्हणालासा?"

याचं उत्तर मला आधीच तयार ठेवायला हवं होतं. "ती... बोलायची एक पद्धत असते," मी म्हटलं. "लोकांच्या लक्षात राहावं म्हणून."

"बोलायची पद्दत," त्यानं म्हणून बघितलं.

"माफ करा मला. चुकलंच माझं."

"न्हाई न्हाई, तसं न्हाई." त्यानं मलाच धीर दिला. मग पाकिटावर हात ठेवून तो बोलू लागला. माझ्याशी की टेबलाशी, ते कळत नव्हतं. "मी तवा दवाखान्याम्होरच्या च्याच्या गाड्यावर हुतो. तितं टीव्ही हाय. तुमी म्हणालासा, आज जन्मल्यालं मूलसुद्दा. मी समद्यांस्नी वराडून सांगितलं, आमचं पोरगं आलं बगा हिशेबात! आजच्या आज मोजलं सरकारनं! गाडीवाल्यानं च्याचं पैसं घेतलं न्हाईत."

त्यानं पाकीट टेबलावर सरळ केलं.

"जन्माचा दाखला हाय त्येचा. तितं नाव न्हाई, नुसती रेग मारल्याली हाय. मरणाच्या दाखल्यावरबी रेगच. बारसं दुसऱ्या दिवशी हुतं न्हवं. पाळणा आणल्याला, भनीनं सांगून ठेवल्यालं, नाव मीच सांगणार कानात म्हणून. ऱ्हायलं ते. मग काल आमी दोगांनी बसून ठरवलं." त्यानं शर्टाच्या खिशातून चौकोनी घडीचा एक कागद अर्धा वर काढला. "पावती करायची म्हंजे नाव लागंल म्हणून."

तेव्हा मला समजलं. तो देणं फेडायला आला होता हे खरंच होतं, पण तेवढ्यासाठीच आला नव्हता. ते अकरा हजार चारशे म्हणजे या जगात त्या मुलाच्या वाट्याला आलेली एकुलती एक गोष्ट होती, आणि ती मी आत्ताच, इतक्या छान सोप्या शब्दांत, त्याच्या हातातून काढून घेतली होती.

"थांबा," मी उठले. खुर्ची मागे पडली. "थांबा पोवार, मी देते पावती. आत्ता देते. शिक्का मारून देते."

त्यानं मान वर करून माझ्याकडे बघितलं. त्याच्या नजरेत राग नव्हता. राग असता तर मला तो सोसला असता.

"आता नगं, ताई," तो म्हणाला. "आता मला समजलंय."

कागद त्यानं पुन्हा खिशात ढकलला, पाकीट उचललं. सर वळले. त्यांचे डोळे लाल झाले होते. त्यांनी पोवारांच्या खांद्यावर हात ठेवला आणि दारापर्यंत त्यांच्याबरोबर चालत गेले. दाराशी चपला घालता घालता पोवार थांबले.

"ताई, येक काम करशीला? मंडळी खाली बसल्यात पायरीवर. सव्वा म्हयना झाला न्हाई अजून, पर घरी ऱ्हाते म्हनंना. पावती हातात घेते म्हणाली. तिला तेवडं तुमीच सांगा. मला आसं सोपं करून सांगाय येत न्हाई."

मी त्याच्या मागून जिना उतरले. अठरा पायऱ्या आहेत. सुरुवात कशी करायची, हे मी प्रत्येक पायरीवर ठरवत होते आणि पुढच्या पायरीवर पुसून टाकत होते.

ती कापडदुकानाच्या सावलीत पायरीवर बसली होती. मार्चचं ऊन मी मी म्हणत होतं, तरी डोक्याला स्कार्फ घट्ट बांधलेला, कानांत कापूस, अंगावर शाल. चोवीस-पंचवीस वर्षांची असेल. मला बघून ती भिंतीला धरून उठली.

"वैजूताई न्हवं तुमी? आमी दर बुदवारी बगतो तुमाला." तिला माझं कौतुक वाटत होतं. मग नवऱ्याकडे वळून म्हणाली, "झालं का ओ?"

पोवारांनी माझ्याकडे बघितलं. मी तोंड उघडलं. गावातल्या लाखभर माणसांना जे सांगू शकत होते, त्यातला एक शब्द माझ्या तोंडातून फुटेना. मी तशीच उभी राहिले. शेवटी तोच बोलला.

"झालं, शालन. माफ हाय म्हणाले. लहान लेकरांस्नी माफ आसतंय."

"आन् पैसं?"

"परत दिलं."

तिनं पाकिटाकडे बघितलं. क्षणभर तिला हायसं वाटलंय असं मला दिसलं. तेवढे पैसे म्हणजे त्यांचा तीन-चार महिन्यांचा पगार असणार. मग तिच्या कपाळावर आठी आली.

"आन् नाव?"

त्यानं पाकीट खिशात घातलं.

"नाव कुटं लिवलं त्येंनी?"

"माफ हाय म्हटल्यावर..." तो पायरीकडे बघत म्हणाला. "नाव विचारलं न्हाई."

ती माझ्याकडे वळली. मला वाटलं आता ही रडेल, नाहीतर मला बोलेल. यातलं तिनं काही केलं नाही. दुकानात एखादी वस्तू विसरली की आपण परत जाऊन मागतो, तशा साध्या आवाजात ती म्हणाली, "मग आता विचारा की, ताई."

"काय..." मी खाकरले. "काय नाव ठेवलंत बाळाचं?"

तिनं शाल सारखी केली. सरकारी खिडकीसमोर उभं राहावं तशी सरळ उभी राहिली.

"समरजित," ती म्हणाली. "समरजित सर्जेराव पोवार."

पोवारांनी तोंड फिरवलं. ती मात्र माझ्याकडेच बघत होती. मला लिहून घेता यावं म्हणून तिनं ते पुन्हा सांगितलं. या खेपेला सावकाश, एकेक अक्षर सुटं करून. मग बापाचं नाव, मग आडनाव. प्रत्येक नावानंतर ती थोडं थांबत होती.

"लिवलासा?" तिनं विचारलं.

माझे दोन्ही हात रिकामे होते. पेन वर टेबलावर राहिलं होतं, आणि ते तिला दिसत होतं.

"लिहिलं," मी म्हटलं.